शुक्र समोर असताना

आज तो तिथं नव्हता. रजनी गच्चीवर बाळाची वाळलेली दुपटी गोळा करत होती, आणि हात चालू असतानाच तिनं सवयीनं कापसाच्या जिनाच्या धुराड्याकडे नजर टाकली होती. तिथं नुसतं आभाळ होतं, केशरी आणि रिकामं. महिना-दीड महिना तो रोज त्या धुराड्याच्या आसपास असायचा. सूर्य बुडतो न बुडतो तोच, बाकी एकही चांदणी अजून उगवलेली नसताना, एकटाच दिमाखात उभा राहायचा. मग रोज थोडा थोडा खाली सरकत गेला, आणि काल तर जिनाच्या पत्र्यावर टेकल्यासारखा दिसला होता. आज पत्राही मोकळा. दुपट्यांचा ढीग छातीशी धरून ती अंधार पडेपर्यंत उभी राहिली. मशिदीचे मिनार काळे झाले, खाली गल्लीत प्रजासत्ताकाच्या दिवशी लावलेल्या कागदी पताका वाऱ्यावर फडफडत राहिल्या, एकेक चांदणी आपापल्या जागी येऊन बसली. हा मात्र आला नाही. एखाद्या बाईच्या काळजात अशा वेळी चर्र झालं असतं. रजनीला उलट असा काही आनंद झाला की तो कुणाला सांगावा हेच तिला कळेना. गेला एकदाचा, ती मनात म्हणाली. आता येशील तो पूर्वेकडूनच.

शुक्रानं तिची वाट अडवून धरली होती, असं म्हटलं तर बाहेरच्या माणसाला हसू येईल. पण माहेरच्या घरात कुणी हसत नव्हतं. लेकुरवाळीनं तान्हं मूल घेऊन सासरी निघावं तेव्हा शुक्र समोर नसावा, पाठीशी असावा, हे गोदाआत्याच्या दृष्टीनं दोन आणि दोन चार इतकं उघड होतं. सासर बडोद्याला, म्हणजे मावळतीकडे. भाद्रपदात बाळंतपण झालं तेव्हाही शुक्र मावळतीलाच होता, बारशालाही होता, दिवाळीतही होता. मार्गशीर्षात तर इतका तेजस्वी झाला की त्याच्या उजेडात कठड्याची सावली पडते की काय असं वाटावं. आणि आता त्याचा अस्त झाला. पण अस्तातही जायचं नाही, कारण शुक्र आभाळातच नाही तर तो कुठल्या बाजूला आहे हे कोण सांगणार? पूर्वेला उगवला की मग खुशाल जा, आत्या म्हणायची. तेही रजनीनं मुकाट ऐकलं असतं. तीन-चार महिने ऐकलंच होतं. पण बडोद्याचं संस्थान उन्हाळ्यातच मुंबई इलाख्यात गेलं होतं, आणि मधल्या काळात तिचा नवरा नंदकुमार ज्या कचेरीत होता ती कचेरीच उठली, आणि नव्या सरकारनं त्याला थेट अमरेलीला नेमलं. येत्या सोमवारी त्याला तिथं हजर व्हायचं होतं. त्याच्या आत रजनी बडोद्याला पोचली, तर तो तिला आणि मुलीला बरोबर नेणार होता. तिथं सरकारी दोन खोल्या मिळत होत्या, कुटुंब घेऊन येणाऱ्याला आधी. नाही पोचली, तर तो एकटा जाईल, कुठल्यातरी खानावळीला लागेल, आणि रजनी लेकीसह बडोद्याच्या त्या मोठ्या घरात, सासू आणि तीन जावांमध्ये, पुढच्या बदलीपर्यंत. पुढची बदली कधी, हे तर कुठल्याच पंचांगात नव्हतं.

त्या घरात वर्षभर राहून तिला नवरा भेटला होता तो मुख्यतः जिन्यात. जिन्याच्या वळणावर एक लहानशी खिडकी होती. दिवेलागणीला ती पाणी घेऊन वर जायची आणि तो कचेरीतून येऊन टोपी काढत खाली थांबायचा, तेवढ्यात दोन शब्द व्हायचे. एकदा त्यानं त्या खिडकीतून बोट दाखवून मोठ्या विश्वासानं विचारलं होतं, "तो शुक्र ना? तुमच्या बाबांचा?" तिनं वाकून पाहिलं, तर लांब राजवाड्याच्या मनोऱ्यावर कुणीतरी लावलेला दिवा. ती इतकी हसली की घागर डचमळली आणि त्याचा सदरा भिजला. तो रागावेल असं तिला क्षणभर वाटलं होतं. तो रागावला नाही. नीट पुन्हा एकदा दिव्याकडे बघून म्हणाला, बरं, मग खरा दाखवा. खरा दाखवायला गच्चीवर जायला हवं होतं, आणि गच्चीवर दिवसा पापड आणि रात्री दीर. तेव्हापासून ते राहूनच गेलं होतं. लग्न काय असतं याविषयी रजनीचे फारसे मोठे विचार नव्हते, पण त्या माणसाला खरा शुक्र दाखवायचा राहिला आहे ही गोष्ट तिला दिवसातून एकदा तरी आठवायची आणि आठवली की गाल गरम व्हायचे. अमरेलीच्या त्या न पाहिलेल्या दोन खोल्यांना तिनं मनानंच एक गच्ची लावून टाकली होती.

तिचे बाबा, विनायकराव, इथल्या शाळेत विज्ञान शिकवायचे. त्यांच्याकडे दुर्बीण नव्हती. दुर्बीण म्हणजे आळशी माणसाचे डोळे, असं ते म्हणायचे. परवडत नव्हती हे खरं कारण होतं आणि तेही ते हसून सांगायचे. हात लांब करून मूठ धरली की एवढं आभाळ, एक बोट धरलं की एवढं. सगळा हिशेब अंगावरचाच. रजनी परकरात असताना त्यांनी तिला एकदा भर दुपारी राजघाटावर नेलं होतं. पायऱ्या पायांना चटके देत होत्या, तापीच्या पाण्यावरून उन्हाच्या तिरिपा डोळ्यांत घुसत होत्या, आणि बाबा तिला भिंतीच्या कोपऱ्याशी असं उभं करत होते की सूर्य बरोबर भिंतीआड जावा. वर बघ, म्हणाले. कोऱ्या निळ्या आभाळाकडे बघून बघून तिच्या डोळ्यांना पाणी आलं. काही नाही, काही नाही, आणि मग एकदम, जणू इतका वेळ तो तिथंच बसून तिची गंमत बघत होता, असा पांढरा बारीक ठिपका. दिवसा, बाराच्या उन्हात. ती ओरडलीच. बाबांनी मात्र शाबासकी दिली नाही. त्यांनी नेहमीचा प्रश्न विचारला: "दिसला, का वाटला?" तिनं डोळे मिटले, पुन्हा उघडले, ठिपका जागच्या जागी होता. दिसला, ती म्हणाली, आणि तेव्हा कुठं त्यांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला. त्या हाताला खडूचा वास होता. बाबांना जाऊन आता दोन वर्षं होत आली, आणि तो प्रश्न विचारायला कुणी उरलं नव्हतं. रजनी आपल्या आपणच विचारायची, भाजीत मीठ घातलं की नाही इथपासून. आपल्या डोळ्यांवर तिचा जो भरवसा होता तो तिथला होता, त्या घाटावरचा. रूप, शिक्षण, स्वयंपाक, कशाविषयीच तिला इतकी खात्री नव्हती.

पंचांगाचं प्रकरण धाकट्या भावानं, प्रकाशनं उकरून काढलं. त्यानं घरातलं पंचांग काढलं, शेजारून दुसरं आणलं, आणि दोन्ही चुलीपुढं बसलेल्या आत्याच्या पुढ्यात उघडून ठेवली. एकात शुक्राचा उदय एका दिवशी, दुसऱ्यात चार दिवस पुढं. आणि लवकरचा उदय धरला तरी तो नंदकुमार निघून गेल्यावरचाच. "आत्या, मुंबईचा शुक्र अलग आणि नागपूरचा अलग आहे का गं?" प्रकाश म्हणाला. "सगळी संस्थानं एक करून टाकली, आता हे पण एक करून टाका ना यार." गोदाआत्यानं त्याला फुंकणी दाखवली. पण ती विचारात पडली हे रजनीनं पाहिलं. आत्या बालविधवा, भावाच्या घरी आली ती इथलीच झाली, आणि रजनीची आई गेल्यावर तिनंच दोन्ही पोरांना वाढवलं. भाऊ देवाधर्माला मानत नाही हे तिला ठाऊक होतं, पण आभाळाच्या बाबतीत ती भावाचं ऐकायची. विनायकरावांनी गच्चीवरून ओरडून सांगितलं की शुक्र उगवला, की ती खाली नमस्कार करून मोकळी. मग पंचांग काही का म्हणेना. त्या दोघांचा हा करार होता आणि त्यात कुणालाच काही विसंगत वाटत नव्हतं.

शेवटी आत्या म्हणाली, "तुझा बाप बघून सांगे तं आम्ही पंचांग पाहत नव्हतो. त्याचे डोळे तुझ्यात आले आहेत. तुला उगवतीला दिसला तं जाय, मी आडवी येत नाही. पण दिसला पाहिजे."

रजनी हो म्हणाली, आणि ते तिनं इतक्या सहज म्हटलं की प्रकाशनं तिच्याकडे वळून पाहिलं. तिला शंकाच नव्हती. बाबांनी तिला सांगून ठेवलं होतं की पौष-माघाच्या सुमाराला शुक्र असा अस्त पावतो तेव्हा फार दिवस लपून राहत नाही. तो सूर्याच्या बाजूनं नव्हे, जरा वरून निघून जातो, आणि ज्याला डोळे आहेत त्याला पंचांगाच्या आधी सापडतो. पंचांगवाले सावध माणसं असतात, बाबा म्हणायचे, त्यांना सगळ्या गावाचे डोळे धरून चालावं लागतं. तेव्हा प्रश्न फक्त पहाटे उठण्याचा होता, आणि पाच महिन्यांच्या मुलीच्या आईला पहाट नवी नव्हती.

पण नवी होती ती तापी. म्हणजे तापीवरचं धुकं. त्या आठवड्यात थंडीनं असं काही मनावर घेतलं की रोज पहाटे नदीवरून पांढरं धुकं उठायचं, किल्ल्याच्या भिंती अर्ध्या खाऊन टाकायचं, आणि नदीपलीकडचं जैनाबाद गाव तर आहे की नाही कळू नये. पूर्वेची बाजू नेमकी तीच. रजनी शाल गुंडाळून कठड्याशी उभी राही. बोटं सुन्न होत, दूध भरून आलेली छाती दुखे, खाली बाळ कुरकुरायला लागलं की आत्याचं एकसुरी अंगाईचं गुणगुणणं ऐकू येई. धुक्याच्या वर आभाळ स्वच्छ होतं. पण तिला हवं होतं ते खालचं, क्षितिजाला चिकटलेलं बोटभर आभाळ, आणि नेमकं तेवढंच धुक्यात होतं. तिला राग येत नव्हता. तू आहेस तिथं, हे मला माहीत आहे, ती त्याला म्हणायची. बाबा म्हणत तसं त्याच्याशी अरेतुरे करायची तिला लहानपणापासून सवय होती. मात्र एक बारीक अस्वस्थपणा होता, आणि तो धुक्यापेक्षा वाईट होता. एखादी गोष्ट आपल्याला इतकी हवी असते तेव्हा डोळे आपले राहतात का? बाबांनी हे कधी सांगितलं नव्हतं. त्यांना शुक्राकडून कधी काही हवं नव्हतं.

रविवारी बडोद्याला पोचायचं तर शनिवारी सकाळची भुसावळची गाडी धरायला हवी होती. शुक्रवारी प्रकाशनं तिला पोचवायला जायची न बोलता रजा टाकली आणि ट्रंक माळ्यावरून काढून पुसून ठेवली. शनिवारी पहाटे रजनी वर गेली तेव्हा धुकं होतंच, पण वारा होता. धुक्याचे पुंजके हलत होते, कुठं कुठं फाटत होते. ती डोळे न मिटता बघत राहिली. आणि किल्ल्याच्या बुरजाच्या जरा डावीकडे, अगदी जिथं तो असायला हवा तिथंच, एक उजेड उमटला. पिवळसर, मोठा. तिनं हात लांब केला. मूठ धरली, बोट धरलं. जागा बरोबर होती, वेळ बरोबर होती. पुंजका सरकला, उजेड गेला, पुन्हा आला. तिच्या ओठांपर्यंत शब्द आला. मग तिला राजवाड्याच्या मनोऱ्यावरचा दिवा आठवला. नंदकुमारचं ते विश्वासानं दाखवलेलं बोट आठवलं. पलीकडे जैनाबादेच्या अंगाला केळीचे मळे होते, राखणदार होते, पहाटे मोटेवर जाणारी माणसं होती, त्यांच्या हातात कंदील असतात. तिनं डोळे मिटले आणि उघडले. तिथं धुकं होतं. ती आणखी थांबली, पूर्व फिकट व्हायला लागली, पण धुकं काही हटेना, आणि गाडीच्या वेळेपुढं आणखी थांबता येईना.

जिना उतरताना तिला लख्ख कळत होतं की आपण काय बोलू ते खरं धरलं जाणार आहे. घरात दुसरं कुणी वर येऊन बघणार नव्हतं. आत्याच्या डोळ्यांत मोतीबिंदू, प्रकाशला शुक्र आणि कंदील सारखेच. एक शब्द, आणि टांगा दारात. खोटं म्हणायला ते खोटंही नव्हतं. कदाचित तो तोच असेल. जिन्याच्या पायथ्याशी आत्या बाळाला खांद्यावर घेऊन उभी होती, पाठीवर थोपटत.

"दिसला?" आत्यानं विचारलं.

"नाही," रजनी म्हणाली. "वाटला. दिसला नाही." आणि मग, स्वतःचाच आवाज ऐकत, जरासुद्धा न वाढवता ती म्हणाली, "पण आत्या, मी जाणार आहे."

हे बोलून झाल्यावर तिला आश्चर्य वाटलं ते या गोष्टीचं की ते किती हलकं होतं. इतके दिवस ती समजत होती की तिला शुक्राची परवानगी हवी आहे. तिला हवी होती ती फक्त त्याच्याविषयी खोटं न बोलण्याची मोकळीक. तो त्याच्या वाटेनं जाईल, आपण आपल्या. शुक्रावर तिचं प्रेम होतं, अगदी लहानपणापासून, आणि ज्याच्यावर प्रेम आहे त्याच्या नावावर आपली कामं करून घेऊ नयेत, एवढं तिला त्या क्षणी कळलं होतं. बाबांना हे पटलं असतं. पटलं नसतं तरी ती गेली असती.

 आत्याचा राग रजनीला ठाऊक होता. तो भांड्यांवर निघायचा. पण भांडं एकही वाजलं नाही. ती बाळाला थोपटत आत गेली, बाहेर आली, पुन्हा आत गेली. हो म्हटली असतीस तं मी काय समजणार होते, असं काहीसं ती देवघराकडे तोंड करून पुटपुटली. मग बाळाला कुंची घातली, कपाळाच्या कडेला काजळाचं बोट लावलं, स्वतः अंगावर धाबळी घेतली आणि जाहीर केलं की ती स्टेशनपर्यंत येणार आहे. आणि एक अट. "टांग्यात पुढं नाही बसायचं. मागं बसायचं, तोंड उगवतीकडं करून. तो मेला मावळतीला कुठं दडून बसला असला तरी लेकराचं तोंड त्याच्याकडं नाही होणार." प्रकाश तोंड उघडणार होता. रजनीनं त्याच्याकडे असं पाहिलं की त्यानं ते मिटलं. आत्यानं तिला सोडलं होतं. आपल्या नियमाला तिनं जिथं वाट सापडली तिथून वाट करून दिली होती, आणि तिच्या वयात तसं करणं किती अवघड असतं हे रजनीला दिसत होतं.

कडू नावाचा टांगेवाला दारात आला तेव्हा सूर्य वर यायला अजून अवकाश होता. ट्रंकेसह प्रकाश पुढं, कडूच्या शेजारी. मागच्या बैठकीवर, टांग्याच्या तोंडाकडे पाठ करून, आत्या आणि रजनी, रजनीच्या मांडीवर बाळ. पताकांखालून टांगा निघाला. मागं मागं सरकत जाणारं गाव बघणं विचित्र होतं: दुकानांच्या बंद फळ्या, चहाच्या गाड्याजवळ पेटवलेली शेगडी, मिनार, सगळं तिच्याकडे तोंड करून तिच्यापासून लांब जात होतं. तिला रडू आलं आणि तिनं ते येऊ दिलं. इथून जाताना रडू यायलाच हवं होतं, त्यात जाण्याविषयी शंका नव्हती. वेशीच्या दरवाज्यातून टांगा बाहेर पडला, स्टेशनाकडे जाणाऱ्या लालबागच्या रस्त्याला लागला, आणि एकदम सगळं मोकळं झालं. धुकं मागं राहिलं, नदीवर, गावाच्या पलीकडे. रस्ता चढावर होता. गावाचा कोट खाली खाली गेला आणि त्याच्या वर ते बोटभर आभाळ उघडं पडलं, ज्याच्यासाठी ती आठवडाभर कठड्याशी गोठली होती.

तो तिथं होता. बारीक, पांढरा, स्वच्छ, आणि कंदिलासारखा अजिबात नव्हे. त्याला पाहिल्यावर पहाटेचा तो उजेड कंदीलच होता हे तिला आपोआप कळलं. तिनं डोळे मिटले. टांग्याला दोन धक्के बसू दिले. उघडले.

"काय बघून राहिली?" आत्यानं विचारलं.

"शुक्र."

"कुठं?"

"समोर."

आत्याचा हात झटकन बाळाच्या कुंचीकडे गेला, कड पुढं ओढायला. मग तो मध्येच थांबला. तिनं आपल्या धुरकट डोळ्यांनी कोटाच्या दिशेला पाहिलं, जिथं तिला नुसता उजेडच दिसत असणार, आणि हळूच, भावाच्या सुरात, विचारलं, "दिसला, का वाटला?"

"दिसला."

आत्यानं हात जोडले. तिनं मान वळवून एकदा घोड्याकडे आणि एकदा कोटाकडे पाहिलं, आणि मग तिच्या ध्यानात तो पेच आला. टांगा निघाला होता मावळतीला, शुक्र उगवला होता उगवतीला, म्हणजे सगळं यथासांग होतं. आणि तिनंच हट्टानं उलटं बसवल्यामुळं लेकराचं तोंड नेमकं त्याच्याकडे झालं होतं.

"मंग आता वळून बसावं लागते का गं?" तिनं विचारलं.

रजनीला हसू आलं, डोळे अजून ओलेच होते. राहू दे, ती म्हणाली, अशाच बसू. आणि मुलीच्या कपाळावरची कुंची तिनं दोन बोटांनी जरा मागं सारली.